फ्रिजमध्ये किल्ली ठेवा

माझी सिनेमातली कारकीर्द साडेतीन वर्षांची. या काळात चौदा शॉर्ट फिल्म केल्या. त्यातल्या अकरा पुऱ्या झाल्या, सात मला बघायला मिळाल्या, चारांच्या श्रेयनामावलीत माझं नाव आहे आणि त्यातल्या एकीत आडनाव चुकलंय. काम काय, तर बूम धरणं. लांब काठीच्या टोकाला माइक लावायचा आणि ती काठी नटांच्या डोक्यावर, पण कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर, हात थरथरू न देता धरून ठेवायची. आता मी विम्याचे दावे तपासतो. खांदा मात्र अजून थंडीत दुखतो.

सिनेमात नाव कसं काढावं हे सांगणारे पुष्कळ आहेत आणि ते सांगायचा मला अधिकारही नाही. मला बोलायचंय ते कॉलेज संपता संपता कुणाच्या तरी शॉर्ट फिल्मच्या युनिटमध्ये शिरणाऱ्या मुलामुलींशी. हे काम फार दिवस चालत नाही. चालणार नाही असं धरूनच आत गेलात, तर काय शिकायचं, काय फुकट द्यायचं आणि कधी निघायचं याचा हिशेब सुरुवातीलाच बसतो. मी तो चौथ्या फिल्मनंतर मांडला. तीन फिल्म उशीर झाला.

फार दिवस का चालत नाही? शॉर्ट फिल्ममधून पैसे परत येत नाहीत, म्हणून. ती बनते दिग्दर्शकाच्या साठवलेल्या पगारातून, एखाद्या मामाच्या उदारपणातून, क्वचित कुठल्या अनुदानातून. त्यामुळे तिचा निर्माता शक्यतो एकदाच निर्माता होतो. दिग्दर्शक दोन-तीन फिल्म करतो. जमलं तर मोठ्या चित्रपटाकडे जातो आणि जाताना फार तर कॅमेरामनला सोबत नेतो, कारण मोठ्या चित्रपटाच्या निर्मात्याकडे बाकीची माणसं आधीच ठरलेली असतात. नाही जमलं तर तोही नोकरीला लागतो. दोन्हीकडून तुम्ही मोकळेच. यात कुणाचा दुष्टपणा नसतो, पण हे आधी कुणी सांगत नाही.

शिरायचं कसं, याची चिंता करू नका. पुण्यात तर दार उघडंच असतं. पुरुषोत्तम नाहीतर फिरोदिया करंडकासारख्या कॉलेजांच्या नाट्यस्पर्धेला बॅकस्टेज केलेलं असलं की कुणीतरी फोन करतंच. नेपथ्य उचलणारी, प्रॉपर्टीच्या याद्या करणारी, प्रयोगाच्या रात्री न चिडणारी मुलं सगळ्यांना हवी असतात. कॅमेऱ्याचं म्हणाल, तर २००८ मध्ये कॅननच्या फाइव्ह-डी मार्क टू या स्टिल कॅमेऱ्याने चांगला व्हिडिओ काढता येऊ लागला आणि तेव्हापासून शॉर्ट फिल्म करायला प्रयोगशाळा लागेनाशी झाली. त्याआधी सोळा मिलिमीटरच्या चारशे फुटी रिळात जेमतेम अकरा मिनिटं मावायची. रीळ फिरू लागलं की पैसे जळायला लागायचे, म्हणून सेटवर सगळे श्वास रोखून असायचे. आता कार्डावर तासन्‌तास मावतं. त्यामुळे दिग्दर्शक ‘कट’ म्हणायला विसरतो आणि बूम धरणाऱ्याचा खांदा जातो.

विभाग निवडताना मात्र विचार करा. सगळ्यांना दिग्दर्शकाचा असिस्टंट व्हायचं असतं किंवा कॅमेऱ्याजवळ उभं राहायचं असतं. तिथे गर्दी आहे. ध्वनी, कला, कंटिन्युइटी आणि प्रॉडक्शन ही चार खाती कायम रिकामी असतात आणि शिकायला खरं तिथेच मिळतं. दृश्य अकरामध्ये नायिकेच्या हातातला कप अर्धा भरलेला होता की पाऊण, हे जो लिहून ठेवतो त्याला संकलनाची निम्मी अक्कल फुकटात येते. ध्वनीवाल्याला तर संवाद कुठला नट पाडतोय आणि कुठला बोलतोय हे कॅमेरामनच्या आधी कळतं, कारण तो कानाने बघत असतो. शॉर्ट फिल्मच्या ध्वनीला कुणी विचारत नाही, असंही समजू नका. राष्ट्रीय पुरस्कारांत कथाबाह्य विभाग असतो, त्यातच शॉर्ट फिल्म येतात, आणि त्यात छायाचित्रण, ध्वनी, संकलन यांचे वेगळे पुरस्कार आहेत. नागराज मंजुळे यांच्या ‘पावसाचा निबंध’ला २०१७ सालच्या पुरस्कारांत दिग्दर्शनाबरोबर ध्वनीचाही पुरस्कार मिळाला. पाऊस ऐकू यावा लागतो, नुसता दिसून भागत नाही.

आणि हलकं काम असं काही नसतं. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या वेळी सरस्वतीबाई फाळके युनिटमधल्या साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करत, रात्री अंधारात कच्च्या फिल्मला भोकं पाडत आणि दिवसा उन्हात पांढरी चादर धरून नटांवर उजेड परतवत, असं सांगतात. आजच्या हिशेबाने प्रॉडक्शन, लॅब आणि लाइट अशी तीन खाती झाली. तुमच्या हातात थर्माकोलची शीट दिली आणि ‘नुसतं धरून उभा राहा’ म्हटलं, तर त्या चादरीची आठवण असू द्या. थर्माकोल दोन इंच हलला तर नटाच्या चेहऱ्यावरचा उजेड हलतो आणि टेक जातो.

आता पैशाचं. ‘बजेट नाहीये रे, पण छान प्रोजेक्ट आहे’ हे वाक्य तुम्हाला पहिल्याच फोनवर ऐकायला मिळेल. यावर चिडू नका आणि विरघळूही नका. एकच प्रश्न विचारा: कुणाकुणाला पैसे मिळणार आहेत? सामान भाड्याने आणलं की त्याच्याबरोबर अटेंडंट आणि लाइटमन येतात, त्यांची रोजची मजुरी आणि कन्व्हेयन्स ठरलेला असतो. टेम्पोवाल्याला मिळतात, केटररला मिळतात, वाड्याच्या मालकाला आगाऊ मिळतात. म्हणजे बजेट असतं, फक्त मित्रांसाठी नसतं. सगळेच फुकट करत असतील, दिग्दर्शकाने स्वतःची स्कूटर विकली असेल, तर मीही केलं आणि मला त्याचं वाईट वाटत नाही. पण कॅमेऱ्याच्या लेन्सचं दिवसाचं भाडं सहा हजार आणि ध्वनीला शून्य, असं असेल तर ती फिल्म ऐकायला वाईट होणार हे धरून चाला.

माझा नियम पुढे असा ठरला. पहिल्या दोन फिल्म फुकट. तिसरीपासून निदान जाण्यायेण्याचा खर्च, जेवण आणि एक ठरलेली रक्कम, मग ती हजार रुपये का असेना. रक्कम लहान चालते, शून्य चालत नाही. हजार रुपये देणारा माणूस तुम्हाला वेळेवर बोलावतो आणि वेळेवर सोडतो, फुकट बोलावणारा पहाटे पाचला बोलावून दहापर्यंत बसवून ठेवतो. वेळेची किंमत त्याला मोजावी लागलेली नसते ना.

हो म्हणण्याआधी पटकथा वाचायला मागा. पानं मोजा, दिवस मोजा. बारा पानं आणि दीड दिवस असं गणित दिसलं, की तो दीड दिवस छत्तीस तासांचा असणार. जेवणाचं आणि खर्चाचं कोण बघतंय ते विचारा. उत्तर ‘आपण सगळे मिळून बघू’ असं आलं, तर डबा घेऊन जा. आणि जे ठरेल ते फोन ठेवल्यावर लगेच व्हॉट्सॲपवर लिहून पाठवा: काम कोणतं, दिवस किती, पैसे किती आणि कधी, नाव कसं छापायचं, फिल्मची प्रत केव्हा. समोरून नुसता अंगठा आला तरी पुरतो. करारपत्राचा थाट कुणाला झेपत नाही, मेसेजला मात्र कुणी नाही म्हणत नाही.

पिशवीत काय असावं? टॉर्च, काळा मार्कर, चिकटपट्टी, कपड्यांचे लाकडी चिमटे (प्लॅस्टिकचे दिव्याजवळ वितळतात), पेन्सिल सेलचा एक पुडा, जाड हातमोजे, टोपी, इलेक्ट्रॉलचं पाकीट. काळा किंवा गडद शर्ट घाला, पांढऱ्या शर्टाचं प्रतिबिंब काचेत आणि नटाच्या चष्म्यात येतं. चपला नकोत.

विजेबद्दल थोडं सविस्तर सांगतो, कारण इथे अपघात होतात आणि आता माझा धंदाच अपघातांचा आहे. आपल्या घरात वीज २३० व्होल्टची. एक हजार वॉटचा जुना पिवळा दिवा साधारण साडेचार अँपिअर ओढतो. भिंतीवरचा साधा प्लग पाच-सहा अँपिअरचा. म्हणजे त्यावर असा एकच दिवा चालेल. दुसरा लावलात तर जवळजवळ नऊ अँपिअर झाले, आणि पेठेतल्या जुन्या वाड्यातलं वायरिंग एमसीबी पडायची वाट बघत नाही, आधी वास येतो. जड दिवे गिझरच्या किंवा एसीच्या पॉइंटवर घ्या, तो पंधरा-सोळा अँपिअरचा असतो, आणि मल्टिपिनला मल्टिपिन जोडू नका. आता एलईडी दिवे आलेत, ते तीनशे वॉटमध्ये भागवतात, त्यामुळे धोका पुष्कळ कमी झालाय. तरी लोकेशनच्या रेकीला गेलात की कॅमेरामन खिडक्या बघत असताना तुम्ही मीटरची पेटी बघून ठेवा. दिव्याला हात लावायचा तो लाइटदादांना विचारून. त्या सेटवर शंभराहून अधिक सिनेमांचं काम पाहिलेला माणूस असलाच, तर तो बहुधा तोच असतो, आणि त्याच्याशी कुणी बोलत नाही. बोला. चहाच्या वेळी त्याच्या शेजारी बसा. दिव्यापुढे काळा कपडा कुठे धरला म्हणजे भिंतीवरचा उजेड मरतो, हे मला कोणत्याही पुस्तकाने शिकवलं नाही.

सेटवर शिस्त एकच: आपल्या खात्यापुरतं बोलायचं. नटाला ‘मस्त केलंस’ हेही बूमवाल्याने म्हणू नये, कारण पुढच्या टेकला तो ते ‘मस्त’ पुन्हा करायला जातो. आधी ध्वनी सुरू होतो, मग कॅमेरा, मग क्लॅप, मग ॲक्शन. क्लॅपवाल्याने दृश्य, शॉट, टेक स्पष्ट म्हणायचं आणि पट्टी एकदाच वाजवायची. त्या टक् आवाजावर चित्र आणि ध्वनी जुळवतात. सुरुवातीला क्लॅप द्यायला जागा नसेल तर शेवटी द्यायचा, पण क्लॅपची पाटी उलटी धरून, म्हणजे संकलकाला कळतं. ध्वनी घेत नसाल तर पट्टी उघडीच ठेवून मध्ये बोटं धरायची. एवढ्या दोन गोष्टी पहिल्या दिवशी येत असल्या तर तुम्हाला दुसऱ्या फिल्मचा फोन नक्की येतो.

ध्वनीचं खातं घेतलंत तर ही माझी खास शिदोरी. लोकेशनवर शिरल्यावर डोळे मिटून दोन मिनिटं उभं राहा. पंप, शेजारचा मिक्सर, कबुतरं, कोकीळ (वसंतात तो फार सुंदर गातो आणि एकही टेक सोडत नाही), खालचा पीएमपी बसचा थांबा. शेजारच्या काकूंना आधी भेटून कुकर किती वाजता लावतात ते विचारा. मी विचारायचो, आणि बहुतेक काकू शिट्ट्यांची वेळ बदलायच्या, उलट पोहेही द्यायच्या. सगळ्यांचे मोबाइल नुसते सायलेंट नकोत, फ्लाइट मोडवर हवेत, नाहीतर माइकमध्ये ते गुर्रगुर्र उतरतं. दृश्य संपलं की सगळ्यांना जागच्या जागी थांबवून त्या खोलीची शांतता अर्धा ते एक मिनिट रेकॉर्ड करा. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते आणि संकलनात संवादांमधल्या फटी तीच बुजवते. लोक वैतागतील, पॅकअपची घाई असेल, तरीही करा.

आणि फ्रिज. फ्रिजची घरघर कानाला कळत नाही, माइकला कळते. तो बंद करावाच लागतो. पण घर दुसऱ्याचं असतं आणि रात्री अकराला पॅकअप झाल्यावर फ्रिज चालू करायचं कुणालाही आठवत नाही. म्हणून ध्वनीवाल्यांची जुनी युक्ती आहे: फ्रिज बंद करताना आपल्या गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवायची. किल्लीशिवाय घरी जाता येत नाही.

दिवसाच्या शेवटी सर्वांत मोलाची वस्तू म्हणजे नखाएवढं कार्ड. एका फिल्मच्या वेळी दुसऱ्या दिवशी सकाळी कुणीतरी ‘रिकामं आहे’ समजून एक कार्ड फॉर्मॅट केलं. आदल्या रात्रीचा पावसातला सीन त्यात होता. कुणी केलं हे शेवटपर्यंत कळलं नाही, आणि माझी एक शंका मी माझ्यापाशीच ठेवली आहे, कारण ती माझ्यावरच येते. तेव्हापासून: भरलेल्या कार्डावर लाल पट्टी, रिकाम्यावर हिरवी. दोन वेगळ्या ड्राइव्हवर प्रती, आणि दोन्ही ड्राइव्ह एकाच बॅगेत न ठेवता दोन माणसांच्या घरी. प्रती उघडून बघितल्यावरच कार्ड पुसायचं आणि पुसायचा अधिकार एकाच माणसाला. तो माणूस दमलेला असेल तर पुसायचं काम सकाळी.

दमणुकीवरून आठवलं ते या लेखातलं सर्वांत गंभीर. रात्रीचं शूटिंग संपवून दुचाकीवर घरी निघू नका. भोरच्या राजवाड्यावर, मेणवलीच्या घाटावर शूटिंग करून पहाटे चारला पुण्याकडे निघालेली, हँडलवर डुलक्या घेणारी मुलं मी पाहिली आहेत, मीही त्यांतलाच होतो. खंबाटकीत एकदा माझी गाडी दुभाजकाला घासली. हेल्मेट होतं. सोळा तास जागलेल्या माणसाने रस्त्यावर येऊ नये. लोकेशनवरच चादर टाकून चार तास झोपा, घरमालक काही म्हणत नाही. आणि हे पहिल्या मीटिंगमध्येच बोलून ठेवा: रात्र झाली तर झोपायची सोय प्रॉडक्शनने करायची.

मुलींसाठी, आणि मुलांनीही वाचावं असं: रेकीच्या वेळीच बाथरूम कुठे आहे ते विचारा, विचारायला लाजू नका, आणि ‘बघू काहीतरी’ हे उत्तर चालवून घेऊ नका. दुसरं, कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा विनामोबदला, स्वेच्छेने काम करणाऱ्या स्त्रीलाही लागू आहे. ‘ही काय कंपनी आहे का, आपण मित्र आहोत’ हा युक्तिवाद कायद्यापुढे टिकत नाही. दहापेक्षा कमी माणसांच्या ठिकाणी अंतर्गत समिती नसते, अशा वेळी जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे तक्रार करता येते. घटनेपासून तीन महिन्यांच्या आत करावी. मेसेज पुसू नका.

शूटिंग संपलं की प्रेम ओसरतं. उरलेले पैसे आठवड्याच्या आत मागा, महिन्याने मागितलेत तर ते संकलनात गेलेले असतात. टायटल्स होण्याआधी आपलं नाव कसं लिहायचं ते स्वतः टाइप करून पाठवा, देवनागरीत आणि इंग्रजी स्पेलिंगसह. माझ्या आडनावाचं वाटोळं झालं ते फोनवर सांगितल्यामुळे. फिल्म महोत्सवांना जाते तेव्हा वर्ष-दीड वर्ष ऑनलाइन टाकता येत नाही, कारण बऱ्याच महोत्सवांना आधी कुठे न दिसलेली फिल्म हवी असते. तोवर तुमच्या हाती काही नसतं. म्हणून आपल्या कामाचे दोन-तीन तुकडे, खाजगी दाखवण्यापुरते, आधीच मागून ठेवा.

महोत्सवांविषयी दोनच शब्द. मुंबईचा ‘मिफ’ १९९० पासून माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनसाठीच भरतो, तिरुवनंतपुरमला केरळ चलच्चित्र अकादमीचा लघुपटांचा महोत्सव असतो. तिथे स्वतःच्या पैशाने एकदा जा, फिल्म लागलेली असो नसो. तीन दिवसांत चाळीस फिल्म बघितल्या की आपलं काम कुठे आहे ते कळतं. दर महिन्याला फी घेऊन शे-दीडशे बक्षिसं वाटणारेही महोत्सव आहेत. त्यांच्या पानफुलांच्या चिन्हांनी पोस्टर भरतं, तुमच्या पुढच्या कामाला त्याचा उपयोग शून्य.

मग निघायचं कधी? मी तीन खुणा ठरवल्या होत्या. पहिली, नव्या फिल्ममध्ये नवीन काही शिकायला मिळेनासं झालं. दुसरी, वर्षभरात ज्या माणसांबरोबर काम केलं त्यांतल्या एकानेही पैसे देणाऱ्या कामासाठी फोन केला नाही. तिसरी, घरच्यांचे पैसे मी न सांगता वापरू लागलो. तिन्ही जुळल्या त्या महिन्यात मी थांबलो. तुमच्या बाबतीत पहिलीच जुळली आणि दुसरी नाही, तर तुम्ही थांबू नका, मुंबईला जा. तिथे बारा तासांच्या शिफ्टचं, संघटनेच्या कार्डाचं, असिस्टंटगिरीचं वेगळं जग आहे. शॉर्ट फिल्मचा अनुभव तिथे पगारात मोजत नाहीत, पण तुम्हाला उलटी पाटी धरता येते हे पहिल्या तासात दिसतं.

थांबताना गायब होऊ नका. हातातली फिल्म पुरी करा, उसनं सामान परत द्या, जे फोन करायचे त्यांना दुसऱ्याचा नंबर द्या. माझी बूमची काठी, वाऱ्यापासून माइक झाकायचं ते केसाळ कव्हर आणि चिमट्यांची पिशवी मी बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षातल्या एका मुलाला अर्ध्या किमतीत दिली. अर्धी किंमत अजून यायचीय. सोबत एक संध्याकाळ बसून हे सगळं त्याला सांगितलं, फ्रिजसकट.

परवा रात्री साडेअकराला त्याचा फोन आला. आवाज रडवेला. ‘दादा, काल शूटला फ्रिज बंद केला होता, चालू करायचा राहिला. त्या काकू बासुंदीचे आणि आइसक्रीमचे पैसे मागतायत.’

‘गाडीची किल्ली कुठे ठेवली होतीस?’

‘दादा, मी बसने गेलो होतो.’